निघता न येणारे बटाटे

डलूथ, मिनेसोटा
रविवार, १४ एप्रिल

प्रिय लव्हॉन,

पाकिटावर माझं अक्षर बघून दचकू नकोस. कुणी गेलेलं नाही. आपल्या घरी हाताने लिहिलेलं पाकीट येतं ते एक तर मयताचं किंवा चर्चच्या छपराच्या वर्गणीचं, आणि छप्पर गेल्याच वर्षी झालं. इकडे सगळं ठीक. तू आणि व्हिन्स टूसानला मजेत असाल, तुमच्या त्या काटेरी झाडांना फुलं आली असतील.

फोन करणार होते. पण फोनवर आपण दोघी मिळून हवामानखातं चालवतो. "तुमच्याकडे किती?" "उणे अठरा." "बाई गं! आमच्याकडे खिडक्या उघड्या." मग दोघीही समाधानाने फोन ठेवतो, जणू काही बोलणं झालं. तेव्हा हवामान आधीच सांगून मोकळी होते: तलावातला बर्फ फुटला, परवा पहिलं जहाज पुलाखालून आत आलं, आणि बाबा ते बघायला गेले नाहीत. मी विचारलं, तर म्हणाले, "जहाज काय, दरवर्षी येतं."

आता बाबांचंच आधी सांगते. घर विकलं हे तुला कार्डात कळवलं होतं. घेणारं जोडपं गोड आहे. ती पोटुशी आहे आणि त्यांनी त्यांची भाड्याची जागा सोडलीसुद्धा. एक मे रोजी किल्ली त्यांच्या हातात द्यायची. त्याच दिवशी बाबांनी तलावाकाठच्या ज्येष्ठांच्या इमारतीतली खोली ताब्यात घ्यायची. नाही घेतली तर ती पुढच्या म्हाताऱ्याला जाईल, आणि पुढचा म्हातारा म्हणजे कार्ल ऑस्टबी. तो रोज त्या इमारतीत जाऊन बाबांचं नाव घेऊन विचारतो, हार्लन टॉलेफसन आला का, नसेल तर माझी काही हरकत नाही. मी सगळं घर खोक्यांत भरून ठेवलंय. भिंतींवर खिळे तेवढे राहिलेत. आणि बाबा? खुर्चीत बसतात. "निघू की," म्हणतात. "घाई काय आहे?" इमारत बघायला नेते म्हटलं तर कोट घालतात, दारापर्यंत येतात, आणि म्हणतात, "पण आधी कॉफी."

तळघरातला मोठा फ्रीझर तेवढा रिकामा करू देत नाहीत. "तो राहू दे. तो मी बघेन."

पण पत्र त्यासाठी नाही लिहीत. पत्र बटाट्यांसाठी लिहितेय.

मी कॉलेजात पॉलेट किवीच्या प्रयोगशाळेत नोकरी करते, हे तुला माहीत आहे. हीच ती, हानू किवीची धाकटी. त्यांच्या सौनात, त्या वाफेच्या खोलीत, तू शहाणपणा करायला सर्वांत वरच्या फळीवर बसलीस आणि बेशुद्ध पडलीस. आता ती प्रोफेसर आहे आणि मी तिच्याकडे किल्ल्या, बिलं आणि कॉफी सांभाळते. शिवाय मोठमोठ्या पदव्या घेतलेल्या माणसांना समजावते की बेसिनमधले कप आपोआप धुतले जात नाहीत.

पॉलेटच्या संगणकात एक खोली आहे. टेबल, खुर्च्या, एक दार, एक खिडकी. आत चार प्राणी राहतात. गोल अंग, चार पाय, दोन हात, तोंड नाही. कागदोपत्री त्यांना भारदस्त नाव आहे. आम्ही बटाटे म्हणतो. पॉलेट त्यांना क्रियापदं शिकवते. तिचं म्हणणं असं, की 'ढकल'चा अर्थ शब्दकोशात नसतो, तो खांद्यात असतो. ज्याने कधी काही ढकललं नाही त्याला 'ढकल' कळणार नाही, कितीही पुस्तकं वाचून दाखवा. म्हणून बटाट्यांना अंग दिलं, वजन दिलं, तोंड नसून तोंडघशी पडायची सोय दिली. मग त्यांना माणसांची चित्रणं दाखवायची: माणसं उचलतात, ठेवतात, ओढतात. शब्द ऐकला की बटाटा ती कृती करून दाखवतो. उलटही चालतं. तो जे करत असेल त्याचा शब्द पडद्यावर त्याच्या डोक्याशी उमटतो, 'ओढतोय', 'उचलतोय' असा. 'ठेव' आणि 'आपट' यांतला फरक ते आठवड्यात शिकले. 'आपट'साठी विभागाच्या बैठकीचं चित्रण वापरलं होतं.

पण घरगुती शब्दांना घर हवं. देणं, घेणं, बसणं, निघणं. कॅमेरे लावून घ्यायला कुणी तयार होईना. मी म्हटलं, आमच्याकडे लावा. दर रविवारी जेवायला मी असते, बाबा असतात, शेजारचे नॉर्बी आणि डेलोरेस असतात. लपवण्यासारखं काय आहे? खिमा-नूडल्सचं आपलं ते हॉटडिश?

बाबांची परवानगी घेतली. ते म्हणाले, "असू दे, तेवढीच सोबत." पहिल्या रविवारी टेबलावर पाचवा कप.

"हा कुणाचा, बाबा?"

"त्याचा."

"बाबा, तो कॅमेरा आहे."

"असेल. पण दुपारपासून उभा आहे बिचारा."

डेलोरेसने त्याला वडीही देऊ केली. "तो नको म्हणतोय असं वाटतंय," नॉर्बी म्हणाला. "पहिल्यांदा कोण हो म्हणतं?" डेलोरेस म्हणाली, आणि परत विचारलं.

सगळा हिवाळा बटाटे आमची जेवणं बघत होते. फेब्रुवारीत गंमत सुरू झाली. आमच्याकडे रॉयस नावाचा प्रोग्रॅमर आहे, टेक्ससचा. चांगला आहे, पण मनात आलं की बोलतो. बाकी काही वाईट नाही. त्याने बटाट्याला 'घे' सांगितलं आणि दुसऱ्या बटाट्याने ठोकळा पुढे केला. पहिला एक पाऊल मागे सरला, दोन्ही हात वर. पुन्हा ठोकळा पुढे. पुन्हा मागे. तिसऱ्यांदा घेतला, आणि लगेच अर्धा मोडून परत द्यायला लागला.

रॉयस डोकं धरून पॉलेटकडे आला. "बिघडलंय."

पॉलेटने बघितलं. "काय बिघडलंय?"

"'घे' म्हटलं तर घेत नाहीत!"

"घेतलं की."

"तिसऱ्यांदा!"

पॉलेटने माझ्याकडे बघितलं, मी तिच्याकडे. आम्हाला दोघींना खरंच कळेना की या माणसाला हवंय तरी काय. "रॉयस," मी म्हटलं, "पहिल्यांदाच हिसकावून घ्यायला ते काय उपाशी आहेत?" पॉलेटने 'घे'पुढे बरोबरची खूण केली. असे आम्ही महिनाभर बरोबरच्या खुणा करत होतो. इकडे सगळ्यांचेच आजे समुद्रापलीकडच्या थंड मुलखातून ज्या बोटीने आले त्याच बोटीतून आमच्या सवयी आल्या. चूक दिसणार कुणाला?

मग 'संपव'. ताटलीत शेवटचा ठोकळा. एका बटाट्याने अर्धा केला, एक अर्धा घेतला, दुसरा ताटलीत ठेवला. दुसऱ्याने त्या अर्ध्याचा अर्धा केला. मग तिसऱ्याने. रॉयस जेवायला गेला. परत आला तेव्हा यंत्राचा पंखा विमानासारखा किंचाळत होता आणि पडद्यावर चार बटाटे ताटलीभोवती अदबीने उभे राहून धुळीचा कण कापत होते. शेवटी यंत्राने मान टाकली. रॉयस म्हणाला, "एकाने उचलून खाल्लं असतं तर?" आम्ही सगळ्यांनी त्याच्याकडे असं बघितलं, की तो स्वतःच कपाट आवरायला गेला.

'दार लाव' सांगितलं तर ढिम्म. कुणीच हलेना. आणि एकदा रॉयसने सहज त्या खोलीतलं तापमान खाली आणलं, तर चारही बटाटे एकदम दाराकडे धावले. बरोबर आहे. हिवाळाभर आपल्या घरात 'दार लाव' असं कुणी म्हटलं होतं का? आपण म्हणतो, "आज गार आहे नाही?" तू जाऊन तिकडे बिघडली असशील, पण आठव, आईने आयुष्यात कधी आपल्याला आज्ञा केली? "कुणीतरी भांड्यांकडे बघितलं तर भांड्यांना बरं वाटेल." आणि आपण दोघी उठायचो. मी जास्त उठायचे, पण ते असो.

बरं तर. फार लिहिलं. हॉटडिश ओव्हनमध्ये आहे. इथेच थांबते. तुला इकडे यावंसं वाटलं तर विमानतळाकडून येणारा रस्ता आता मोकळा आहे, बर्फ वितळायला मीठ मारून झालंय. हे पहिल्यांदा विचारलं असं समज.

व्हिन्सला नमस्कार.

आर्डिस

—

थांबलेच आहे तर मुख्य सांगायचं राहिलं. हॉटडिशला अजून वेळ आहे.

गेल्या मंगळवारी पैसे देणाऱ्या संस्थेची बाई आली, मिस पेलेग्रिनो. न्यू जर्सीची, तुझ्या व्हिन्सच्या गावाकडची. तीन वर्षं पैसे दिले, आता काय शिकलेत ते दाखवा, म्हणाली. तिने पॉलेटने दिलेली कॉफी पहिल्यांदाच घेतली. पॉलेट इतकी गोंधळली की पुन्हा विचारून बसली, आणि बाईंच्या हातात दोन कप.

पॉलेटने सर्वांत सोपा शब्द निवडला. 'निघ'. त्यात काय आहे? उठायचं, दारातून बाहेर जायचं. शब्द दिला. चारही बटाट्यांच्या डोक्याशी 'निघतोय' उमटलं.

बटाट्यांनी अंगाच्या दोन्ही बाजूंवर थाप मारली. निघताना आपण 'चला' म्हणत मांड्यांवर मारतो तशी, पण मांड्या नाहीत ना त्यांना. मिस पेलेग्रिनोने पेन उचललं. बटाटे बसून राहिले. पुन्हा थाप. एक उठला, खुर्चीच्या मागे गेला, खुर्चीची पाठ धरून उभा राहिला. दुसरा उठला तेव्हा पहिला परत बसला. मग सगळे उठले, नसलेले कोट घातल्यासारखे हात फिरवले. दाराकडे गेले. दारात थांबले. एक बाहेर पडला आणि काहीतरी राहिल्यासारखा परत आला. बाकीचे त्याच्याबरोबर परत आले, एकट्याने कसं येईल तो? पुन्हा दार. आता दोघे बाहेर, दोघे आत, दार उघडं, आणि सगळे एकमेकांकडे वळून उभे. नॉर्बी आणि डेलोरेस हुबेहूब. नॉर्बीचा हात दाराच्या मुठीवर असतो आणि तो बाबांना जावयाच्या गुडघ्याचं ऑपरेशन पहिल्यापासून सांगत असतो.

"अडकलेत का?" मिस पेलेग्रिनो.

"नाही," पॉलेट म्हणाली. "निघालेत."

"कधी?"

"आत्ताच नाही का? बघा, कोट घालून झाले."

"मला तर ते उभे दिसतायत."

"उभं राहिल्याशिवाय निघणार कसं?"

रॉयस भिंतीला टेकून छताकडे बघत होता. चेहरा असा, की सगळ्या टेक्ससने येऊन त्याचं सांत्वन करावं. बाईंच्या दोन्ही कपांतली कॉफी संपली. शेवटी तीन बटाटे बाहेर पडले, खिडकीपाशी थांबले, काचेवर टकटक केली, आणि खरंच गेले. पॉलेटने सुटकेचा श्वास सोडला. "झालं."

"आणि हा?"

चौथा बटाटा खिडकीत उभा होता. एक हात वर.

"तो घरचा आहे," पॉलेट म्हणाली. "पाहुणे निघाले की घरचा हात हलवतो, गाडी वळेपर्यंत."

"पण हात हलत नाहीये."

हलत नव्हता. नुसता वर होता. मग त्याने हात खाली घेतला, कोपऱ्यात गेला, तिथून एक ठोकळा घेऊन आला आणि पोटाशी धरून परत खिडकीत उभा राहिला. या वेळी जरा वेगळ्या अंगाला वळून. पाहुणे गेले त्या बाजूला नाही, दुसऱ्या. रिकामा हात पुन्हा वर. आणि डोक्याशी अजून 'निघतोय'.

"हा आत उभा आहे," रॉयस म्हणाला. "हा कुठे निघतोय?"

पॉलेट म्हणाली, बघतोय. रॉयस म्हणाला, धरून उभा आहे. यंत्र म्हणत होतं, निघतोय. पॉलेटने ते चालू ठेवलं, कधीतरी संपेल म्हणून. आम्ही जेवायला गेलो, आलो, तरी तो तसाच. त्याच्या लेखी निघणं अजून चालूच होतं.

"यांना हे कुणी शिकवलं?" मिस पेलेग्रिनोने विचारलं.

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मी टॉलेफसन आहे, लव्हॉन. मी कॉफी करायला गेले.

दुपारी पॉलेटने मला बोलावलं, पडदा माझ्याकडे वळवला, आणि तिला अचानक कपाटात काहीतरी शोधायचं आठवलं. इकडे याला मायेने जवळ घेणं म्हणतात. पडद्यावर आपलं जेवणघर होतं. चित्रण यंत्रच बघतं, आम्ही कुणी बघत नाही, म्हणून मी ते कधी पाहिलं नव्हतं. मी कोट घातला, उरलेल्या जेवणाचा डबा घेतला, नॉर्बी-डेलोरेसना घेऊन बाहेर पडले. बाबा खिडकीत. हात हलतोय. माझी गाडी गेली असणार, कारण हात थांबला. इथून पुढे मी कधीच नसते.

बाबा तळघराच्या जिन्याने खाली गेले. वर आले तेव्हा हातात निळ्या झाकणाचा आइस्क्रीमचा डबा होता, बर्फाने पांढरा झालेला. खिडकीशी गेले. विमानतळाच्या रस्त्याकडे तोंड करून उभे राहिले, डबा पोटाशी, हात वर. बराच वेळ. मग स्वेटरच्या बाहीने डबा पुसला आणि खाली नेऊन ठेवला. वर येऊन कॅमेऱ्याला म्हणाले, "रस्ता खराब असेल."

पुढच्या रविवारी तेच. त्याच्या पुढच्याही.

तो डबा मला माहीत आहे. तुला नाही. आईच्या अंत्यविधीनंतर चर्चच्या तळघरात जेवण होतं तेव्हा बाबा आत स्वयंपाकघरात गेले होते ना, ते डेलोरेसच्या लिंबाच्या वड्या भरायला. तुला वाटेत खायला. वड्या एकमेकींना चिकटू नयेत म्हणून मधे कागद घालत होते. आता बाबांचा तो अधू हात, वेळ लागला. इकडे बर्निस आत्या सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "काही लोकांना आई मेल्यावर सवड होते." तू कोट उचललास आणि गेलीस. दारात थांबणं नाही, खिडकीवर टकटक नाही. व्हिन्सने गाडी तापवलेलीच होती. बाबा डबा घेऊन बाहेर आले तेव्हा बर्फात चाकांच्या खुणा होत्या.

मी हे तक्रार म्हणून नाही सांगत. तुझ्या जागी मी असते तर हॉटडिश आत्याच्या मांडीवर ओतलं असतं. आत्याला आता कुणी बोलावत नाही. म्हणजे बोलावतात, पण दोनदाच.

मला इतकंच समजलं, की बाबांचं माझ्याशी काही अडलेलं नाही, घराशी नाही, कार्ल ऑस्टबीशीही नाही. त्यांचं एक निघणं अर्धवट राहिलंय. तुझं. ते पुरं झाल्याशिवाय त्यांना स्वतःचं सुरू करता येत नाही. इतक्या वर्षांत मी हे ओळखलं नाही, आणि ज्याला तोंडही नाही अशा बटाट्याने एका हिवाळ्यात ओळखलं. ओळखलं म्हणण्यात अर्थ नाही. त्याने फक्त करून दाखवलं.

मिस पेलेग्रिनो गेली तेही सांगते. म्हणाली, "बरं, मी निघते," आणि लव्हॉन, ती निघाली! पॉलेट अजून खुर्चीतून अर्धी उठलेली. पण दारात एकदा वळली. ते चित्रण पॉलेटने तिलाही दाखवलं होतं. माझे डोळे लाल होते. मी कांद्याचं कारण सांगितलं होतं, प्रयोगशाळेत.

"तो डबा कुणाचा आहे?"

"बहिणीचा. टूसानला असते."

"तिला बोलावलंत?"

"नाताळच्या कार्डात लिहिलं होतं, यंदा इकडचे रस्ते बरे आहेत म्हणून."

"ते आमंत्रण होतं?"

"चांगलं ठळक होतं."

"मी न्यू जर्सीची," ती म्हणाली. "आमच्याकडे त्याला रस्त्यांची माहिती म्हणतात." आणि गेली. पैसे चालू ठेवणार आहे. म्हणाली, असं काही तिने कुठल्याच प्रयोगशाळेत पाहिलं नाही. कौतुक आहे की तक्रार, यावर पॉलेट अजून विचार करतेय.

मला मात्र तेव्हापासून एक वाटतंय. ही माणसं उठतात आणि जातात, त्याचा अर्थ त्यांना काही वाटत नाही असा नसावा. तुझ्या व्हिन्सला मी एवढी वर्षं गाडी तापवणारा माणूस म्हणून ओळखते. तू रडत असशील त्या गाडीत. त्याने तापवून ठेवली होती हे बरंच झालं.

चला, ओव्हन वाजला. बाबा ताटं मांडतायत. आज खोक्यातली काढली, सगळी. टेबलावर पाच, आणि कॅमेरे तर मार्चमध्येच काढून नेलेत.

तू ये असं मी म्हणत नाही. पण पुढच्या शनिवारचं विमान रिकामं असतं असं ऐकलंय. पाहुण्यांची गादी मी मुद्दाम शेवटी बांधायला ठेवली आहे. हे दुसऱ्यांदा.

तुझी बहीण,
आर्डिस

—

ता.क.

पाकीट चिकटवणार होते, पण ज्या गोष्टीसाठी लिहायला बसले तीच सांगितली नाही. आपल्या घराण्याची पद्धत. नॉर्बी-डेलोरेस दारात आहेत. जावयाचा दुसरा गुडघा चालू झालाय, तेव्हा मला भरपूर वेळ आहे.

बुधवारी पॉलेटने एक गंमत केली. बटाटा खिडकीत तसाच उभा होता, ठोकळा पोटाशी. तिने त्याला कुठलाही शब्द दिला नाही. नुसता बाहेरून एक पाचवा बटाटा आणला, त्या दुसऱ्या बाजूने, आणि दारापर्यंत चालवला.

खिडकीतला बटाटा वळला. वर धरलेला हात खाली आला. त्याने दार उघडलं, आणि ठोकळा पुढे केला. नवा बटाटा मागे सरला. अर्थातच. पुन्हा पुढे, पुन्हा मागे. आम्ही सगळे पडद्याला नाक लावून. तिसऱ्यांदा नव्याने ठोकळा घेतला. मग दोघे बसले. काहीच केलं नाही, नुसते बसले. मग बाजूंवर थाप, मग उठणं, मग खुर्चीची पाठ, मग दार, दारात उभं राहणं. रॉयससुद्धा घाई कर म्हणाला नाही. आणि मग दोघेही बाहेर पडले, घरचाही. खोली रिकामी झाली. हिवाळाभरात पहिल्यांदाच. 'निघतोय' विझलं.

"आता संपलं का?" रॉयसने हळूच विचारलं.

"आता निघाले," पॉलेट म्हणाली आणि कपाटात काहीतरी शोधायला गेली. रॉयसही गेला. कपाट तेवढं मोठं नाही.

म्हणून सांगते. तुला काही बोलावं लागणार नाही. आत्याचा विषय निघणार नाही. बाबा काही बोलणार नाहीत, त्यांना डबा द्यायचा आहे इतकंच. आतल्या वड्यांचे दगड झालेत, खायला जाऊ नकोस, दात जाईल. तीनदा देऊ करतील. पहिल्यांदाच घेतलास तरी चालेल, आम्ही न्यू जर्सी म्हणून सोडून देऊ. कॉफी पी. मग तू, मी आणि बाबा, तिघे मिळून निघू. मांड्यांवर थाप मारू, दारात उभे राहू, हवं तेवढा वेळ. व्हिन्सने गाडी तापवून ठेवली तरी हरकत नाही, पेट्रोल मी देईन.

बटाट्यांना नुसता शब्द दिला की हलतात असं पॉलेट म्हणते. आपल्या घरात तसा शब्द आजवर कुणी कुणाला दिलेला नाही. आईने नाही, बाबांनी नाही, आणि मी तर रस्त्यांची माहिती देत बसले. तेव्हा हे तिसऱ्यांदा, आणि न्यू जर्सीच्या पद्धतीने.

लव्हॉन, ये.

आर्डिस